फळीवरचे पाऊल

आमच्या बंदरातल्या चित्रगृहात एकच मूकपट दिवसातून दोन वेळा दाखवला जाई, आणि दोन्ही वेळा त्याची गोष्ट निराळी असे. यात मालकाची काही लबाडी नव्हती. दुपारचा बेन्शी मी होतो आणि संध्याकाळचा साकुमा उन्पेइ होता, एवढेच त्याचे कारण.

पडद्याच्या डाव्या अंगाला, लहानशा मेजामागे उभे राहून पडद्यावरच्या मुक्या माणसांना वाचा द्यायची, हा बेन्शीचा व्यवसाय. नटनट्या राजधानीत राहत. त्यांनी काय बोलावे हे गावोगावचे बेन्शी ठरवीत. म्हणून आमच्याकडे खेळाला निघालेला माणूस नटीचे नाव विचारीत नसे. "आज बोलणार कोण?" एवढेच विचारी, आणि उत्तर ऐकून दारातून माघारी फिरला, तरी त्याचे कोणाला नवल वाटत नसे.

माझी भाषा जुन्या वळणाची होती. सात आणि पाच अक्षरांच्या लयीत बांधलेले, क्रियापदापर्यंत श्रोत्याचा श्वास अडवून धरणारे वाक्य मला प्रिय. उन्पेइ मिशीला तेल लावी, विलायती कोट घाली आणि 'प्रेम' हा शब्द एका दमात अनेकदा उच्चारी. त्या शब्दाला माझा विरोध नव्हता. एकदा उच्चारल्यावर प्रेक्षक तो विसरतील अशी धास्ती उन्पेइला का वाटावी, इतकाच माझा प्रश्न होता, आणि तो मी त्याला वारंवार विचारीत असे.

"मास्तर," तो म्हणे, "तुमचं वाक्य संपेपर्यंत नायिका म्हातारी होते."

"आणि तुझं वाक्य सुरू व्हायच्या आत संपतं," मी म्हणे.

त्या शरद ऋतूत आलेल्या मूकपटाने मात्र हा वाद आमच्या दोघांच्या हातांतून काढून साऱ्या बंदराच्या हाती दिला. गोष्ट साधी होती. विणकरांच्या घरातली एक तरुण विधवा. अंथरुणाला खिळलेला सासरा. आणि परगावी निघालेला एक वैद्य, ज्याच्याकडे ती पाहते आणि मग पाहत नाही. शेवटच्या प्रसंगी दोघे धक्क्यावर उभे असतात. वैद्य वाकून निरोप घेतो, फळीवरून चालत बोटीवर चढतो. ती कितीतरी वेळ तशीच उभी राहते आणि मग एक पाऊल फळीवर ठेवते.

तिथे चित्र संपत असे. ते तिथे संपावे असे ज्यांनी ते काढले त्यांच्या मनात नक्कीच नसेल. पण आमच्यासारख्या बंदरांना फीत मिळे ती सगळी शहरे पाहून, झिजून, ठिकठिकाणी जोडलेली अशी. शेवटची काही हात फीत वाटेत कुठे तरी जळली होती. सोबत आलेल्या मंजूर गोषवाऱ्यात शेवटाविषयी एकच वाक्य होते: नायिकेला अखेर आपले कर्तव्य उमजते.

बेन्शीने या गोषवाऱ्याबाहेर जाऊ नये म्हणून प्रत्येक चित्रगृहात मागे एक उंच आसन पोलिसासाठी राखलेले असे. आमच्याकडे त्यावर हवालदार ओनोगी बसत. माझ्या खेळात नायिका पाऊल मागे घेई आणि सासऱ्याच्या उशाशी परत जाई. हवालदार मान डोलावीत. उन्पेइच्या खेळात ती धावत फळी चढून जाई. पहिल्या दिवशी हवालदार उठून उभे राहिले होते. उन्पेइने त्यांना बाहेर नेऊन समजावले की माणसाचे पहिले कर्तव्य स्वतःच्या काळजाशी असते. युक्तिवाद अगदीच तकलादू होता. तो चालला याचे मला आजही वाईट वाटते.

दुपारच्या खेळाला बायकांच्या बाजूला, पुढच्या रांगेत, हामाया घराण्याच्या कुमेबाई बसत. हामाया म्हणजे आमच्या बंदरातले सोया सॉसचे सर्वांत जुने कोठार. माणूस उभा बुडेल एवढी लाकडी पिंपे, त्यांत महिनोन् महिने आंबत पडलेले, शिजवलेल्या सोयाचे मिठातले रांधे, आणि साऱ्या गल्लीला कायमचा चिकटलेला तो खारट वास. कुमेबाईंचा थोरला मुलगा दोन हिवाळ्यांपूर्वी गेला. त्याची बायको त्सुया, हीच आता पिंपे सांभाळी. रांधा कधी ढवळायचा आणि कधी त्याला नुसते पडू द्यायचे, हे तिच्या हाताला कळे. खेळाला येताना सासूची गादी, चहाची सुरई आणि चघळायला सुका माकुल घेऊन ती मागून येई आणि एका शब्दानेही न बोलता खेळ पाही.

एके दिवशी खेळ संपल्यावर कुमेबाई माझ्या मेजापाशी आल्या.

"मास्तर, आज तुम्ही तिला फारच हळू परत पाठवलंत."

"भावना खोल असली की चाल मंद होते, मालकीणबाई."

"खोल वगैरे असू द्या. उद्यापासून जरा ठणकावून सांगा. आमची सून शेजारीच बसते."

"सूनबाईंना ऐकू येत नाही का?"

"येतं. पण ऐकत नाही." त्यांनी आवाज खाली आणला. "शरदाच्या सणानंतरच्या मुहूर्तावर धाकट्याशी तिचं लग्न ठरवलंय. घरातली सून घरातच राहील, पिंपं जिथल्या तिथं राहतील. आमच्या चार पिढ्या असंच चालत आलंय. नाही म्हणत नाही ती. पण हो सुद्धा म्हणत नाही."

वडील भावाची विधवा धाकट्याच्या पदरी बांधायची ही रीत आमच्याकडच्या व्यापारी घरांत जुनी, आणि तिच्याविषयी कोणी वाद घालीत नसे. मी देखील घालीत नसे, यावरून ती किती जुनी असेल याची कल्पना यावी. त्सुया हो का म्हणत नाही, हे मात्र कुमेबाई सोडून साऱ्या गल्लीला ठाऊक होते. दर शरदात गिन्पाची नावाचा एक पिंपे बांधणारा कारागीर आपल्या होडीतून येई आणि हामायाच्या पिंपांच्या बांबूच्या कड्या आवळून देई. एरवी हे काम सणाच्या बरेच आधी उरकत असे. या वर्षी तो एका पिंपाची कडी आवळीत होता आणि दुसऱ्याची सैल झाल्याचे त्याला त्याच वेळी दिसत होते. सणाच्या दुसऱ्या दिवशी मात्र वारा फिरणार होता, आणि त्याला जाणे भाग होते.

"ती त्याच्याबरोबर जाईल का?" मी एकदा उन्पेइला विचारले होते.

"सासूच्या शब्दाशिवाय ती कोठाराचा उंबराही ओलांडायची नाही," उन्पेइ म्हणाला होता. "आणि सासू तो शब्द देणार नाही. मास्तर, ही तर आपल्याच चित्राची गोष्ट. फक्त इथं फीत जळालेली नाही."

दुसऱ्या दिवशी त्सुया एकटी मेजापाशी आली. सासूची गादी राहिली, असे तिने निमित्त सांगितले. गादी तिच्या काखेतच होती.

"मास्तर, ती पाऊल मागे घेते ते तुम्ही पाहिलंय?"

"चित्रात नाही. चित्र त्याआधीच संपतं."

"मग कसं कळलं?"

"आधीच्या साऱ्या प्रसंगांवरून तेच निघतं. सासऱ्याला औषध देतानाचे तिचे हात आठव. असे हात असलेली बाई—"

"हाताचं काय, हात सवयीनं चालतात." ती थोडी थांबली. "ती रोज तिथवर येते, आणि रोज तुम्ही तिला घरी पाठवता. कंटाळा नाही येत?"

"कोणाला, मला का तिला?"

"दोघांनाही."

माझ्याकडे याला तीन उत्तरे होती, पैकी दोन तर अतिशय प्राचीन आधारांवर उभी होती. पण ती वाकून निघून गेली. वादातून एवढ्या लवकर निघून जाणारा माणूस मला नेहमीच अप्रामाणिक वाटत आलेला आहे.

सण जवळ आला तसे बंदराचे दोन तट पडले. सार्वजनिक स्नानगृहात मासळीवाले उन्पेइच्या बाजूचे आणि तांदूळवाले माझ्या बाजूचे, अशी वाटणी झाली, आणि वाफेत एकमेकांचे चेहरे दिसत नसल्यामुळे लोक अधिकच मोकळेपणाने भांडू लागले.

"ती गेली तर त्या म्हाताऱ्याला जेवायला कोण घालील?"

"म्हातारा तसाही पहिल्या रिळापासून मरतोय. त्याचं मरण तिच्या गळ्यात कशाला?"

"तुझी बायको गेली म्हणजे कळेल."

"माझी बायको उन्पेइच्या खेळाला जाते. मला कळून चुकलंय."

याच सुमारास उन्पेइने मला एका पाणपोईच्या आडोशाला ओढून नेले. तो इतका खूश होता की मिशीला तेल लावायचे विसरला होता.

"मास्तर, माझ्या खेळाला शेवटच्या रांगेत एक बाई येते. डोक्यावरून रुमाल, नाकापर्यंत ओढलेला. नायिका फळी चढते तेव्हा ही बाई हुंदके देते आणि मग पिशवीतून काही तरी काढून चघळते."

"काय चघळते?"

"सुका माकुल."

मग मी म्हणालो, "बंदरात माकुल खाणाऱ्या बायका पुष्कळ आहेत."

"त्या साऱ्यांच्या कपड्यांना सोयाचा वास येतो का?"

म्हणजे दुपारी सुनेला कर्तव्य ऐकवणाऱ्या कुमेबाई संध्याकाळी तोंड झाकून नायिकेच्या पळून जाण्यावर रडत होत्या. हे कळल्यावर सज्जन माणसाने गप्प राहायला हवे होते. आम्ही सज्जन होतो. पण आम्ही बेन्शीही होतो. सणाच्या दुपारी एकच खेळ ठेवायचा आणि त्यात दोघांनी मिळून बोलायचे असे आम्ही ठरवले. वैद्याच्या तोंडचे उन्पेइ बोलणार होता आणि नायिकेच्या तोंडचे मी. असे जोडीचे खेळ मोठ्या शहरांत होत, आमच्याकडे पहिलाच. मालकाने तत्काळ दोन्ही तटांसाठी वेगवेगळ्या रंगांची निशाणे दारावर लावली.

खेळाच्या आदल्या दिवशी यंत्रघरात योनेजिरोने माझी बाही धरली. योनेजिरो म्हणजे कुमेबाईंचा धाकटा, ठरलेला नवरदेव. तो चहाविधीचे धडे घ्यायला जातो असे आईला सांगून आमच्याकडे यंत्राचा दांडा फिरवण्याचे काम करी, आणि उत्तम करी. त्या काळी यंत्रे हातानेच चालत. बेन्शीचे वाक्य लांबले तर दांडा हळू, आटोपले तर भरभर. माझ्या वाक्यांनी त्याच्या दंडात बळ आले होते, असे तो म्हणत असे.

"मास्तर, उद्या काय वाट्टेल ते करा, पण वहिनीला जाऊ द्या."

"तुला ती पसंत नाही?"

"पसंत काय विचारता. मला नाक पुसायला तिनं शिकवलं. तिच्याशी लग्न म्हणजे..." त्याला उपमा सापडेना. "मला दांडा फिरवायचाय, मास्तर. पिंपं नाही ढवळायची."

"मी नायिकेच्या तोंडून बोलणार आहे. ती काय करील हे तिच्या स्वभावावर ठरेल."

"तिचा स्वभाव तुमच्याच तोंडात आहे ना?"

त्या घरातल्या कोणालाच वाद घालण्याची शिस्त नव्हती.

सणाच्या दुपारी चित्रगृह खच्चून भरले. डावीकडे पुरुष, उजवीकडे बायका, मागे उंचावर हवालदार ओनोगी. कुमेबाई पुढच्या रांगेत. त्यांच्या शेजारी त्सुया. पुरुषांच्या शेवटच्या बाकावर गिन्पाची टोपी मांडीवर घेऊन बसला होता. त्याची होडी धक्क्याला लागून सज्ज होती, हे सर्वांना ठाऊक होते, आणि सर्वजण ते ठाऊक नसल्यासारखे बसले होते.

शेवटच्या रिळापर्यंत सारे सुरळीत चालले. मग धक्का आला. वैद्याने वाकून निरोप घेतला, फळी चढला. नायिका उभी राहिली. तिने पाऊल फळीवर ठेवले.

"ये," उन्पेइ वैद्याच्या आवाजात म्हणाला. "प्रेम आहे, ये. प्रेमाला दुसरं काय हवं?"

"ज्या हातांनी म्हाताऱ्याच्या ओठी पाणी धरलं," मी नायिकेच्या आवाजात सुरुवात केली, "ते हात रिकामे करून, ज्या दाराची कडी दर सकाळी मीच काढली ते दार उघडं टाकून, माझी पावलं तुमच्या मागे—"

"येतील."

"वाक्य पुरं होऊ द्या, वैद्यराज."

प्रेक्षक हसले. मूकपटातल्या नायिकेने वैद्याला असे बजावल्याचे त्यांनी पूर्वी ऐकले नव्हते. उन्पेइ चिडला. तो म्हणाला, असे वाक्य पुरे व्हायच्या आत बोट निघून जाईल. मी म्हणालो, जी बोट एका वाक्यापुरती थांबत नाही तिच्यात बसण्यात शहाणपण नाही. तो म्हणाला, कर्तव्य म्हणजे काय ते आधी सांगा. हा प्रश्न त्याने मला विचारायला नको होता. मी सांगू लागलो.

इकडे यंत्रघरात योनेजिरोची पंचाईत झाली. फीत संपत आली होती, आणि वाद संपण्याचे चिन्ह नव्हते. दांडा थांबवावा तर दिव्याच्या धगीने फीत पेटते; हे आमच्याकडचे शेंबडे पोरही जाणत असे. आमच्या यंत्राला खालचे चक्र नव्हते, फीत नुसती खालच्या टोपलीत उतरत असे. तेव्हा त्याने सुचले ते केले. दांडा उलटा फिरवला.

नायिकेचे पाऊल फळीवरून मागे आले. माझ्या तटाने टाळ्या वाजवल्या. योनेजिरोने दांडा पुन्हा सुलटा केला. पाऊल फळीवर गेले आणि मासळीवाले ओरडले. मी बोलत असताना ती मागे येई, उन्पेइ बोलत असताना पुढे जाई. काही वेळाने तर कोण बोलतो आहे ते न पाहताच ती मागेपुढे होऊ लागली, आणि बिचारीचा चेहरा दोन्ही वेळा तितकाच व्याकूळ होता. हवालदार ओनोगी आसनावरून खाली उतरले आणि वर चढले.

मग मी कर्तव्याच्या तिसऱ्या प्रकाराकडे वळलो, जो जरा विस्तृत आहे, आणि योनेजिरोला आणखी मागे जावे लागले. पाऊल फळीवरून निघाले. ती धक्क्यावर उभी राहिली. आणि वर, बोटीवर, वैद्य पाठमोरा हलला. पाठ पुढे करून, एकेक पाऊल अलगद टाकीत, तो फळीवरून खाली उतरू लागला.

मी बोलायचा थांबलो. उन्पेइही थांबला. चित्रगृहात नुसती यंत्राची खरखर राहिली. वैद्य उलट्या पावलांनी धक्क्यावर उतरला, नायिकेपाशी आला, वळला आणि तिला वाकून नमस्कार केला.

"अरे," कुमेबाई जागेवरून उठून म्हणाल्या, "हा तर उतरतोय की."

त्यांनी पडद्याकडे बोट केले.

"तिलाच का चढवताय कधीपासून? चढ, उतर, चढ, उतर. ह्या मेल्याला पाय नाहीत का? बघा, किती सरळ उतरला. एवढंच करायचं तर आम्ही इतके दिवस रडत कशाला होतो?"

"इतके दिवस?" बायकांच्या रांगेतून कोणी तरी विचारले. "तुम्ही तर दुपारी येता. दुपारी ती घरी जाते."

कुमेबाईंचा चेहरा कसा झाला ते मला पडद्याच्या उजेडात नीट दिसले. पण त्यांच्या बोलण्यातला दुसरा अर्थ तोवर माणसांच्या डोक्यांतून फिरून पुरुषांच्या शेवटच्या बाकापर्यंत पोहोचला होता, आणि एकेक मान गिन्पाचीकडे वळत होती.

एका हाताने दांडा फिरवीतच योनेजिरोने यंत्रघराच्या झरोक्यातून डोके बाहेर काढले. "आई, तू गिन्पाचीला उतरायला सांगतेयस का?"

"तू तिथं काय करतोयस? तू तर चहा शिकायला जातोस ना?"

"ते नंतर सांगतो. आधी तू सांग."

दिवा मालवून खिडक्यांचे पडदे उघडण्यात आले. हवालदार ओनोगी माझ्याकडे आले आणि दबक्या आवाजात म्हणाले, "मास्तर, गोषवाऱ्यात माणूस उलटा चालत नाही."

"गोषवाऱ्यात नायिकेला कर्तव्य उमजतं एवढंच आहे, हवालदारसाहेब. नायकाला काय उमजतं याविषयी सरकारने काहीच म्हटलेलं नाही."

त्यांनी यावर विचार केला. ते प्रामाणिक गृहस्थ होते. ते विचार करीतच आसनावर परत गेले.

कुमेबाई अजून उभ्याच होत्या. चारचौघांत बोललेला शब्द आमच्या बंदरात मागे घेता येत नाही. आणि त्या व्यापारी घराण्यातल्या होत्या. तोटा होणारच असेल तर त्यातून काय वाचते ते त्या आधी पाहत. त्यांनी गिन्पाचीला डोक्यापासून पायापर्यंत न्याहाळले, जणू एखादे पिंप गळते का ते बघत होत्या.

"सुनेला मी मुलगी करून घेते," त्या सावकाश म्हणाल्या. "कागदोपत्री. मग मुलीला घरजावई आणते. असं कित्येक घरांत झालंय. पिंपं जागेवर राहतील, हात घरात राहील. काय रे, घराण्याचं नाव लावशील का आमचं?"

गिन्पाची टोपी चुरगाळीत उठला. "लावीन की, मालकीणबाई. माझं नाव तसंही कोणी विचारत नाही. सगळे 'कडीवाला' म्हणतात."

चित्रगृहात असा गलका उठला की उन्पेइने घाईने एक समारोपाचे वाक्य म्हटले ते कोणालाच ऐकू आले नाही. मला ऐकू आले. त्यात 'प्रेम' हा शब्द एकदाच होता.

"मला अजून कोणी विचारलं नाही," त्सुया म्हणाली.

ती मोठ्याने बोलली नव्हती, पण गलका थांबला. ती खालीच बसून होती. सासूची गादी तिच्या मांडीवर होती.

"तुला काय विचारायचं?" कुमेबाई म्हणाल्या. "तुझ्याच मनासारखं चाललंय ना सगळं? का तो नको आता?"

"तो हवाय."

"मग?"

"मला बोटीतसुद्धा बसायचंय, आई."

कुमेबाईंना हे कळेना. त्या खाली बसल्या. "बोटीत काय आहे?"

"तेच बघायचंय. लग्न होऊन आले तेव्हापासून कोठाराच्या छपरावरून पलीकडचं बेट बघतेय. आभाळ स्वच्छ असलं की तिकडचा धूर दिसतो. मी ह्यांना विचारायची, तिकडे काय असतं?"

"तिकडेही सोया सॉसच करतात."

"तेही हेच म्हणायचे. ते कधी गेले नव्हते." त्सुयाने मान वर केली. "तुम्ही गेलाय?"

कुमेबाईंनी पिशवीतून माकुलाचा तुकडा काढला, पाहिला आणि परत ठेवला. मला वाटले, आता त्या नाही म्हणणार, आणि मी मनात एक युक्तिवादही जुळवू लागलो. कोणाच्या बाजूने, ते अजून ठरवले नव्हते.

"आणि तू परत आलीच नाहीस तर?" अखेर त्यांनी विचारले. आवाज एवढा लहान होता की पुढच्या रांगेबाहेर तो गेला नसावा. "रांधा बिघडतो, ते नाही म्हणत मी. रांधा बिघडला तर बिघडला. मी त्या घरात एकटी या यंत्रवाल्याबरोबर काय करू?"

"मी येईन. थंडीची आंबवण लावायला येईन."

"शब्द?"

"शब्द. पण तुम्ही जा म्हणायला हवं. तुम्ही म्हटल्याशिवाय माझा पाय उचलायचा नाही."

"पायाचं नाव काढू नकोस आज," कुमेबाई म्हणाल्या, आणि नाक पुसून घेतले. "जा."

दुसऱ्या दिवशी सकाळी धक्क्यावर अर्धे बंदर जमले होते. प्रत्येकाला मासळीच घ्यायची होती, आणि कोणाच्याही हातात टोपली नव्हती. मी आणि उन्पेइ एका दोरखंडाच्या वेटोळ्यावर बसलो होतो. हा प्रसंग कोणत्या शैलीत सांगावा यावर आमचा मतभेद होता, आणि तो बराच पुढे गेला होता.

त्सुया आली. हातात लहानसे गाठोडे, अंगावर रोजचीच वस्त्रे. धक्का आणि गिन्पाचीची होडी यांच्यामध्ये एक अरुंद फळी टाकली होती. जमलेल्या लोकांनी श्वास रोखला. सगळेजण तिच्या पायाकडे पाहत होते. ती मुळीच थांबली नाही. मासळी बाजारातून घरी जावे तशी फळीवरून चालत गेली आणि होडीत बसली. माझ्या शेजारी उन्पेइने निराशेने उसासा टाकला, आणि मला कबूल करणे भाग आहे, मीही टाकला.

मग कुमेबाई आल्या. त्यांच्या मागून योनेजिरो, अर्धवट झोपेत, बाह्या वर केलेला.

"सकाळ-संध्याकाळ ढवळायचं," त्या त्याला सांगत होत्या. "दुसऱ्या पिंपाला हलक्या हातानं. तिसऱ्याला हातच लावायचा नाही, त्याला नुसतं बघायचं. समजलं?"

"आई, मला खेळाला जायचं असतं."

"ढवळून मग जा."

"आणि तिसऱ्या पिंपात काय बघायचं?"

"बघत गेलास की कळेल." त्यांनी कमरेच्या पट्ट्यातून किल्ल्यांचा जुडगा काढून त्याच्या हातात दिला. योनेजिरो त्या किल्ल्यांकडे आणि मग आईकडे पाहू लागला. तेव्हा कुठे आम्हा सगळ्यांच्या लक्षात आले की कुमेबाईंच्या पाठीवर एक गाठोडे आहे, आणि ते सुनेच्या गाठोड्याहून मोठे आहे.

त्या फळीपाशी आल्या. फळी हलत होती. त्यांनी एक पाऊल तीवर ठेवले आणि तशाच थांबल्या.

"मालकीणबाई, काही द्यायचं राहिलं का?" गिन्पाचीने होडीतून विचारले.

"हात दे."

त्याने हात दिला. कुमेबाई डुलत डुलत फळी चढल्या आणि होडीत उतरल्या. त्सुया त्यांच्याकडे तोंड उघडे ठेवून पाहत राहिली.

"आई?"

"पलीकडे माझी एक मावसबहीण आहे. असायची. तिला भेटून येते. चार दिवस." त्यांनी गाठोडे पायाशी टाकले आणि गिन्पाचीकडे वळल्या. त्याच्या चेहऱ्यावर असा काही भाव होता की तो सांगायला मला सात-पाचाची लयही पुरली नसती. "असा बघतोस काय? जावई व्हायचंय ना? पुढच्या बाजूला बसायचं का मागच्या?"

"पुढे पाणी उडतं. भिजाल."

"भिजू दे," कुमेबाई म्हणाल्या, आणि सुनेला कोपराने बाजूला सारून पुढच्या फळकुटावर ऐसपैस बसल्या.

गिन्पाचीने दोर सोडला.